शेंदराची नऊ घरं

मोडनिंबच्या पेठेतल्या एका भुसार दुकानात लहानपणी मी लक्ष्मीपूजनाला वडिलांचं बोट धरून जात असे. दुकानाच्या मालकांना आम्ही शेठकाका म्हणत असू. अंघोळ करून, सोवळं नेसून ते शेंदूर तुपात कालवत आणि गादीमागच्या भिंतीवर तीन आडव्या, तीन उभ्या अशी नऊ घरं आखत. वरच्या ओळीत ६, १, ८. मधल्या ओळीत ७, ५, ३. खालच्या ओळीत २, ९, ४. मग नव्या वहीवर हळदकुंकू, धने-गूळ, लाह्या-बत्तासे. आकडे असेच का, असं एकदा मी विचारलं. काका म्हणाले, "कसंही मोज बाळा, पंधराच येणार. पंधराचं यंत्र आहे ते." मी आडवं मोजलं, उभं मोजलं, तिरकं मोजलं. पंधराच आले. बत्ताशांपेक्षा तो आकड्यांचा गोडवा माझ्या जास्त लक्षात राहिला.

पुढे कितीतरी वर्षांनी तीच नऊ घरं मला एका जर्मन पंडिताच्या ग्रंथात भेटली. हाइनरिश कॉर्नेलियस अग्रिप्पा हे त्याचं नाव. 'गूढ तत्त्वज्ञान' या विषयावरचे त्याचे तीन खंड १५३३ मध्ये पूर्ण छापून निघाले. त्यात त्याने सात ग्रहांची सात यंत्रं दिली आहेत आणि त्यातलं पहिलं नऊ घरांचं आहे. वर ४, ९, २. मध्ये ३, ५, ७. खाली ८, १, ६. शेठकाकांच्या भिंतीवरचं यंत्र अर्धा फेरा फिरवलं की घरोघर हेच आकडे येतात. फरक ग्रहाचा आहे. आपल्याकडे नवग्रहांच्या यंत्रांत पंधराचं यंत्र सूर्याचं. पुढे चंद्राचं १८, मंगळाचं २१ असं तीन-तीननं वाढत ते केतूच्या ३९ वर थांबतं. अग्रिप्पाकडे पंधराचं यंत्र शनीचं, म्हणून ते शिशाच्या पत्र्यावर कोरायचं. आणि उपयोग काय? एक म्हणजे अडलेल्या बाईची सुटका. आपल्या वृंद वैद्यानं इसवी सन ९०० च्या सुमारास 'सिद्धयोग' या ग्रंथात बाळंतपणासाठीच नऊ घरांचं यंत्र सांगितलं आहे, त्याची बेरीज ३० येते. जाबिरच्या नावावर असलेल्या जुन्या अरबी ग्रंथांतही नऊ घरं आहेत आणि तिथंही बाळंतपणच आहे. तीन भाषा, तीन धर्म, आणि तिन्ही ठिकाणी कळा देणारी एक बाई व तिच्यासमोर धरलेले नऊ आकडे. हे वाचलं त्या दिवशी शेठकाकांची भिंत मला एकदम फार मोठी वाटली.

जादू, मंत्र, ताईत म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर अडाणी माणूस येतो. युरोपच्या प्रबोधनकाळात, म्हणजे साधारण १४५० ते १६०० या दीडशे वर्षांत, गोष्ट उलटी होती. ग्रीक, लॅटिन, हिब्रू येणारी, वैद्यक शिकलेली, राजांना सल्ला देणारी माणसं या विद्येच्या मागे लागली होती. फ्लॉरेन्सचा मार्सिलिओ फिचिनो हा त्यांचा आद्य गुरू म्हणायला हरकत नाही. वैद्याचा मुलगा, प्लेटोचं लॅटिन भाषांतर करणारा विद्वान, आणि पुढे ख्रिस्ती धर्मगुरूही. १४६३ मध्ये त्याच्या आश्रयदात्यानं, कोसिमो दे मेदिचीनं, त्याला सांगितलं की प्लेटो बाजूला ठेव, आधी हर्मिसचे ग्रंथ लॅटिनमध्ये आण. हर्मिस त्रिस्मेजिस्तुस नावाचा एक प्राचीन मिसरी ऋषी मोझेसच्या काळात होऊन गेला आणि सगळं ज्ञान मुळात त्याच्यापासून निघालं, अशी तेव्हाची ठाम समजूत होती. कोसिमो म्हातारा झाला होता. मरण्याआधी त्याला प्लेटोपेक्षा हर्मिस वाचायचा होता.

फिचिनोनं १४८९ मध्ये आयुष्याविषयी तीन भागांचा एक ग्रंथ छापला. तो वाचणाऱ्या, लिहिणाऱ्या, बैठ्या माणसांसाठी होता. अशा माणसांवर शनीचा अंमल असतो, ती खिन्न होतात, असं त्याचं म्हणणं. त्याच्या स्वतःच्याच कुंडलीत लग्नी शनी होता, तेव्हा तो हे कळकळीनं लिहीत होता. उपाय काय, तर सूर्य, गुरू, शुक्र यांचं बळ वाढवायचं. सोनं, केशर, मध, दालचिनी जवळ करायची, उन्हात फिरायचं, वीणेसारखं वाद्य घेऊन गायचं. ही यादी मराठी घरातल्या कुठल्याही आजीला वाचून दाखवा, तिला ती परकी वाटणार नाही. गुरुवारी पिवळं, हरभऱ्याची डाळ, हळद. शनिवारी काळे तीळ, उडीद, तेल, लोखंड. रंग, धातू, धान्य, वार आणि ग्रह एका दोऱ्यात ओवलेले आहेत, दोरा इकडे हलवला की तिकडे हलतो, हा विचार दोन्हीकडे सारखाच आहे. फिचिनोची जादू म्हणजे हा दोरा ओळखण्याची विद्या. भूतप्रेताशी त्याला काही देणंघेणं नव्हतं.

'गूढ' हा शब्दही तेव्हा आजच्यासारखा भीतीचा नव्हता. आग हाताला गरम लागते, हा उघड गुण. लोहचुंबक सुई ओढतो, पण कशानं ओढतो ते दिसत नाही, हा गूढ गुण. एवढाच त्याचा अर्थ. आणि गूढ गुण शोधायचा तर पोथी पुरत नाही, करून बघावं लागतं. नेपल्सच्या जांबात्तिस्ता देल्ला पोर्तानं 'नैसर्गिक जादू' या नावाचा ग्रंथ १५५८ मध्ये काढला आणि १५८९ मध्ये तो वाढवून पुन्हा छापला. लसणानं लोहचुंबकाचं बळ जातं, असं शतकानुशतकं सगळे लिहीत आले होते. जहाजावर होकायंत्राजवळच्या माणसानं लसूण खाऊ नये, असंही म्हटलं जाई. देल्ला पोर्तानं लसूण खाल्ला, चुंबकावर श्वास सोडला, ढेकर दिला. मग चुंबकाला लसणाचा रस चोपडला. चुंबक सुई ओढतच राहिला. पुढे ज्याला आपण प्रयोग म्हणू लागलो, त्याचं एक मूळ मला या लसणाच्या वासात दिसतं. आणि ही नोंद जादूच्या ग्रंथात आहे, हे विसरून चालणार नाही.

आता इटलीतल्याच फेरारा गावी जाऊ. तिथं स्किफानोया नावाचा राजवाडा आहे. त्याच्या एका दालनात बारा महिन्यांची चित्रं १४७० च्या आसपास रंगवली गेली. पुढे त्यांच्यावर चुना फासला गेला आणि एकोणिसाव्या शतकात तो खरवडून काढल्यावर त्यांतली काही पुन्हा दिसू लागली. फ्रांचेस्को देल कोस्सा यानं रंगवलेल्या मार्च महिन्याच्या पट्ट्यात मेष राशीवर तीन आकृती आहेत. पहिला काळासावळा पुरुष आहे, अंगावर फाटकं पांढरं वस्त्र, कमरेला दोर. दुसरी लाल वस्त्रातली एक बाई, तिचा एकच पाय दिसतो. ही माणसं कोण, हे चारशे वर्षं कुणाला नीट सांगता येत नव्हतं. १९१२ मध्ये आबी वारबुर्ग या जर्मन कलेतिहासकारानं रोमच्या एका परिषदेत त्याचा उलगडा केला. ही माणसं भारतातून आली होती.

ज्योतिष थोडंफार जाणणाऱ्या मराठी माणसाला द्रेष्काण हा शब्द ठाऊक असतो. राशीचे ३० अंश, त्याचे दहा-दहा अंशांचे तीन भाग, प्रत्येक भाग म्हणजे द्रेष्काण. सहाव्या शतकात वराहमिहिरानं 'बृहज्जातका'त छत्तीस द्रेष्काणांची रूपं सांगितली आहेत. मेषेचा पहिला द्रेष्काण म्हणजे कमरेला पांढरं वस्त्र गुंडाळलेला, लाल डोळ्यांचा, उग्र, काळा पुरुष, हातात उगारलेली कुऱ्हाड. दुसरा, लाल वस्त्रातली, एकाच पायाची स्त्री. बगदादला नवव्या शतकात अबू मअशर नावाचा मोठा ज्योतिषी होता. त्यानं ग्रीकांची, इराण्यांची आणि हिंदूंची द्रेष्काणरूपं शेजारी शेजारी मांडली. त्याचं अरबी लॅटिनमध्ये गेलं आणि लॅटिनमधून ते फेराराच्या भिंतीवर चढलं. कुऱ्हाड वाटेत कुठेतरी गळली, कमरेचं वस्त्र दोर झालं. बाईचा एक पाय मात्र एवढा प्रवास करूनही एकच राहिला. गंमत अशी की द्रेष्काण हा शब्दच मुळात ग्रीक 'डेकानोस'वरून आलेला. होरा ग्रीक, आणि आपण दिवसातून दहादा वापरतो तो केंद्र हा शब्दही ग्रीक. या शास्त्रातलं यवनांचं ऋण वराहमिहिरानं मोकळेपणानं मान्य केलं आहे. म्हणजे ग्रीसहून उज्जैन, उज्जैनहून बगदाद, बगदादहून इटली. यात कुणी कुणाकडून चोरलं, असं विचारणाऱ्यांची मला कीव येते. देणारेही श्रीमंत होते, घेणारेही.

रमलाचं तसंच. रमल म्हणजे अरबीत वाळू. वाळूवर ठिपके मारायचे, एक किंवा दोन, असे चार थर. त्यातून सोळाच आकृती होतात, कारण दोनाचा चौथा घात सोळा. त्या सोळा आकृतींवरून प्रश्नाचं उत्तर सांगायचं. आपल्याकडे रमलशास्त्री झाले, फाशांवरून सांगू लागले. युरोपात याच सोळा आकृती लॅटिन नावं घेऊन गेल्या आणि अग्रिप्पानं त्यांच्यावरही लिहिलं.

हे सगळं दूरदेशीचं वाटत असेल तर मोडनिंबहून पुणे-सोलापूर रस्त्यानं सोलापूरला जावं आणि तिथून पुढे शंभरेक किलोमीटरवर विजापूर. सोलापूरचा किल्ला आणि भोवतालचे साडेपाच परगणे यांवरून निजामशाही आणि आदिलशाही पिढ्यानपिढ्या भांडत होत्या. आपला हा ज्वारीचा पट्टा त्या भांडणाच्या ऐन तोंडावर. निजामशाहीची चांदबिबी अली आदिलशहा पहिला याला दिली, तेव्हा सोलापूर आंदण म्हणून विजापूरकडे गेलं. त्यानंतर १५६५ मध्ये दख्खनच्या शाह्यांनी एकत्र येऊन विजयनगरचा पाडाव केला. शाळेत आपण इथवर शिकतो आणि थांबतो. या अली आदिलशहाचा दुसरा नाद कुणी सांगत नाही.

त्याला ग्रंथांचं वेड होतं. स्वारीवर जाताना ग्रंथांच्या पेट्या बरोबर असत. त्याच्या ग्रंथालयात साठेक माणसं राबत होती. नकलनवीस, चित्रकार, सोन्याचं काम करणारे, बांधणी करणारे. तिथं शेष वामन पंडित नावाच्या विद्वानाची वर्षाला १००० होन देऊन नेमणूक झाली होती. सुलतानाच्या पुस्तकशाळेत संस्कृत पंडित, ही गोष्ट त्या दरबाराबद्दल पुष्कळ सांगून जाते.

याच दरबारात हिजरी ९७८ मध्ये, म्हणजे १५७० साली, 'नुजूम अल्-उलूम' हा फारसी ग्रंथ तयार झाला. नावाचा अर्थ 'विद्यांचे तारे'. आज त्याची सचित्र प्रत डब्लिनच्या चेस्टर बीटी ग्रंथालयात आहे आणि तीत शेकडो चित्रं आहेत. तो स्वतः अली आदिलशहानंच रचला, असं अलीकडे एमा फ्लॅट या अभ्यासक बाईंनी साधार मांडलं आहे. मला तो तर्क पटतो. ग्रंथाची हाव राजाची आहे, पंडिताची नाही. आकाशाचे गोल, राशी, राशींच्या अंशाअंशाचे देवदूत, ताईत आणि मंत्र, आणि त्याच दमात हत्ती, घोडे, शस्त्रं. राज्य चालवणाऱ्याला जे जे लागतं ते सगळं ताऱ्यांपासून खाली उतरत आलं आहे, अशी ती मांडणी आहे.

सर्वांत विलक्षण आहेत त्यातल्या रूहानी. पृथ्वीवर वावरणाऱ्या शंभरावर शक्ती, बहुतेक स्त्रीरूपात. कुणाला अनेक हात, कुणाला जनावराचं तोंड, प्रत्येकीचं शस्त्र वेगळं, वाहन वेगळं. इस्लामी चौकटीतलं नाव घेतलेल्या या बायका पाहिल्या की आपल्या योगिनींची आठवण होतेच. चौसष्ट योगिनी, सात आसरा, वेशीवरची मरीआई यांच्या मुलखात बसून लिहिणाऱ्या राजाला त्या टाळता आल्या नसत्या. त्यानं त्या टाळल्या नाहीत, फारसीत लिहून घेतल्या. ग्रीक, अरबी, इराणी आणि इथल्या विद्या त्यानं एका बांधणीत आणल्या. फिचिनोनं फ्लॉरेन्सला प्लेटो, हर्मिस आणि ख्रिस्त एकत्र बसवले, ते आणि हे एकाच जातीचं काम आहे. दोघांमध्ये ऐंशी वर्षांचं अंतर आहे आणि दोघांच्या पाठीशी अबू मअशर उभा आहे. प्रबोधन हा शब्द फक्त इटलीला देऊन टाकण्याची आपल्याला घाई झाली, असं मला प्रामाणिकपणे वाटतं.

पण या विद्येची दुसरी बाजू सांगितली नाही तर लेख खोटा ठरेल. लॅटिन येणाऱ्यांची जादू तत्त्वज्ञान ठरली. लिहिता न येणाऱ्या बाईची जादू चेटूक ठरली. १५१९ मध्ये मेत्झ शहराजवळच्या खेड्यातली एक बाई चेटकीण म्हणून पकडली गेली. पुरावा काय, तर तिची आईही चेटकीण म्हणून जाळली गेली होती. अग्रिप्पा तेव्हा मेत्झचा वकील होता. चर्चच्या न्यायाधिकाऱ्याशी तो भांडला, आईच्या पापाचा पुरावा मुलीवर लावणं त्याच धर्माच्या विरुद्ध आहे हे त्यानं दाखवलं आणि बाई सुटली. पुढच्या वर्षी त्याला ते शहर सोडावं लागलं. शंभर वर्षांनंतर ग्रहांच्या गतीचे नियम शोधणाऱ्या योहानेस केप्लरला हेच आपल्या आईसाठी करावं लागलं. काथारिना केप्लर, सत्तरी ओलांडलेली, पाल्याचे काढे देणारी बाई. ती चौदा महिने कोठडीत होती. तिला छळाची हत्यारं दाखवली गेली. मुलानं एकेक आरोप खोडून काढत बचाव लिहिला, १६२१ मध्ये ती सुटली आणि पुढच्याच वर्षी वारली.

हे वाचताना मला आपल्याकडची करणी, भानामती, डाकीण ठरवून मारलेल्या बायका आठवतात. अंधश्रद्धेविरुद्ध लढणाऱ्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांची हत्या २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात झाली आणि त्याच वर्षी महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा झाला. अग्रिप्पानं जे मेत्झला एका बाईसाठी केलं, त्याला कायद्याचं बळ मिळायला इथं त्यांचा जीव जावा लागला. जुन्या जादूच्या ग्रंथांवर माझं प्रेम आहे, पण त्या प्रेमापोटी या कायद्याला कुणी नावं ठेवली तर मी त्याच्या बाजूला उभा राहणार नाही.

फिचिनोची विद्या कशी मावळली? एकदम नाही. १६०० मध्ये रोमला जोर्दानो ब्रुनोला जाळलं, तो हर्मिसचा भक्त होता. पण त्याच्यावरचे आरोप बरेचसे ख्रिस्ती श्रद्धेविषयीचे होते. विद्येला खरा धक्का एका भाषापंडितानं दिला. १६१४ मध्ये इझाक कासोबोन यानं हर्मिसच्या ग्रंथांची ग्रीक भाषा तपासली आणि त्यातले शब्द मोझेसच्या काळचे असूच शकत नाहीत, ते ख्रिस्तानंतरचे आहेत, असं दाखवलं. कोसिमोनं मरताना वाचायला घेतलेला आदिऋषी कितीतरी शतकांनी धाकटा निघाला. शब्दांच्या रूपांवरून पोथीचं वय काढणाऱ्या आपल्या अभ्यासकांना या धक्क्याची ताकद बरोबर कळेल. तरीही न्यूटन किमयेच्या पोथ्या उतरवत बसला होता, आणि त्याचं गुरुत्वाकर्षण लाइब्निट्सला 'गूढ गुण' परत आणल्यासारखं वाटलं. दोन वस्तू मध्ये काही नसताना एकमेकींना ओढतात, हे त्याला फिचिनोच्या दोऱ्यासारखंच वाटलं असणार.

आपल्याकडे शास्त्र आणि ज्योतिष यांची फाटणी तशी झाली नाही. कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञानं १५२० मध्ये, शके १४४२ ला, 'ग्रहलाघव' रचलं. त्यात त्यानं 'ज्या' या त्रिकोणमितीतल्या मापांची किचकट कोष्टकं पार काढून टाकली आणि सोप्या आकडेमोडीनं ग्रह मिळवून दिले. पुढची कितीतरी शतकं महाराष्ट्रातली पंचांगं त्यावर चालली. त्याचे वडील केशव हे वेध घेणारे, जातकावर लिहिणारे आणि मुहूर्तावरही लिहिणारे. एकाच घरात वेध, गणित आणि फलज्योतिष नांदत होतं, जसं केप्लरच्या टेबलावर ग्रहगतीचे नियम आणि सरदारांच्या कुंडल्या शेजारी पडलेल्या असत.

कुर्डुवाडी-पंढरपूर लोहमार्गावर मोडनिंबचं स्टेशन आहे. गाडी उशिरा येते तेव्हा तिथल्या बाकावर मी माझ्या नातवाला एक खेळ शिकवतो. वारांचा क्रम रवि, सोम, मंगळ असा का, हा तो खेळ. ग्रह मंद गतीपासून शीघ्र गतीकडे लावायचे: शनी, गुरू, मंगळ, सूर्य, शुक्र, बुध, चंद्र. दिवसाच्या चोवीस होऱ्यांना ते पाळीनं वाटायचे, संपले की पुन्हा शनीपासून. ज्याचा पहिला होरा त्याचा वार. हे होरे फिचिनोला माहीत होते, अली आदिलशहाला माहीत होते, घरातल्या पंचांगातही आहेत. शनिवारी सकाळी पहिला होरा शनीचा. नातू बोटांवर मोजत जातो, सातापाशी चंद्र, चौदापाशी चंद्र, एकविसापाशी चंद्र. बाविसावा शनी, तेविसावा गुरू, चोविसावा मंगळ. पंचविसावं बोट सूर्यावर येतं आणि तो ओरडतो, "रविवार!"